काचेतली झोप

बसून खाणारी माणसं जगात पुष्कळ आहेत. पडून खाणारा हा एकटाच असावा, आणि तरी दमून दमून त्याचा जीव मेटाकुटीला आला होता.

गाद्यांच्या एका मोठ्या दुकानात तो नोकरीला होता. दुकानाला रस्त्याच्या बाजूने जमिनीपासून छतापर्यंत काच होती. काचेच्या आत एक पलंग, पलंगावर दुकानातली सगळ्यात महाग गादी, आणि गादीवर हा. आकाशी रंगाचा पायजमा-सदरा, छातीवर दुकानाचं नाव, उजवा हात गालाखाली, तोंड रस्त्याकडे, डोळे मिटलेले, ओठांवर हसू. येणाऱ्या-जाणाऱ्याने बघावं आणि म्हणावं, काय गाढ झोपलाय लेकाचा, आपल्याला कधी लागणार अशी झोप! मग त्याने आत यावं, गादीचा भाव विचारावा आणि घाबरून उशी घेऊन जावं. बहुतेक लोक उशीच घेऊन जात.

आता यात कष्ट ते काय, असं कोणालाही वाटेल. त्यालाही पहिल्या आठवड्यात तसंच वाटलं होतं. पण या नोकरीची एक अट होती, ती म्हणजे झोपायचं नाही. खरी झोप दिसायला वाईट असते. तोंड उघडतं, लाळ गळते, माणूस घोरतो, मध्येच पाय झाडतो, नको तिथे खाजवतो. असल्या माणसाकडे बघून कोणी गादी घेत नाही. उलट आपणही असेच दिसत असणार या विचाराने खजील होऊन पुढे जातो. याच्या आधी जो माणूस काचेत होता तो दुसऱ्याच दिवशी खरोखर झोपला आणि त्याच संध्याकाळी त्याला नारळ मिळाला. म्हणून मॅनेजरचा नियम असा: डोळे मिटायचे, श्वास सावकाश घ्यायचा, हसू ठेवायचं आणि आतून टक्क जागं राहायचं. पोटात दुपारचं जेवण, पाठीखाली मऊ गादी, डोक्यावर पिवळा दिवा, वरून एसीची झुळूक, आणि जागं राहायचं. करून बघा एकदा.

दुकानातले लोक त्याला डुलकीराव म्हणत. त्याचा त्याला राग नव्हता. माणूस पन्नाशीच्या पुढे गेला आणि हातातलं काम गेलं की कोणी काही म्हटलं तरी राग येण्याइतकी ताकद उरत नाही.

आधी तो कुलपांच्या कारखान्यात होता. त्याचे वडील, म्हणजे अण्णा, तेही तिथेच होते. अण्णा सगळ्यात शेवटच्या टेबलावर बसायचे. तयार झालेलं प्रत्येक कुलूप त्यांच्यापुढे यायचं, ते चावी फिरवून बघायचे, खट्कन उघडलं की डब्यात, अडलं की परत. अण्णा निवृत्त झाले तेव्हा हा कुलपात स्प्रिंग बसवायच्या कामाला होता. मग बाहेरून जहाजं भरभरून स्वस्त कुलपं यायला लागली. मग लोक म्हणायला लागले, आमच्या दाराला फोन लावला की दार उघडतं. शेवटी एक दिवस कारखान्यालाच टाळं लागलं, आणि ते टाळंसुद्धा दुसऱ्याच कंपनीचं होतं. हे सांगताना अण्णांचा आवाज अजून चढतो.

घरी तिघंच. हा, त्याची बायको आणि अण्णा. बायको एका मोठ्या लाँड्रीत इस्त्रीवर होती, दिवसभर उभी. म्हणजे एकजण दिवसभर उभी आणि एकजण दिवसभर आडवा. संध्याकाळी दोघं एकमेकांसमोर बसले की दोघांचेही पाय दुखत असत, आणि याचे का दुखतात हे याला सांगता येत नसे.

सांगता येत नसे, कारण त्याने घरी खरं सांगितलंच नव्हतं. नोकरी लागली त्या दिवशी अण्णांनी विचारलं होतं, "गाद्यांच्या दुकानात कसलं काम?"

"डिस्प्लेला आहे, अण्णा."

"डिस्प्ले म्हणजे काय रे?"

"म्हणजे... मांडणी. माल काचेत मांडायचा, लोकांना दिसेल असा."

तसं बघितलं तर यात एकही शब्द खोटा नव्हता. तो डिस्प्लेलाच होता. फक्त मांडणारा कोण आणि मांडलेला कोण, एवढंच त्याने मोघम ठेवलं होतं. दुकान शहराच्या पार दुसऱ्या टोकाला होतं. तिकडे कोणी ओळखीचं फिरकायचं नाही. आकाशी कपडे तो दुकानातच चढवायचा आणि दुकानातच उतरवायचा.

अण्णांना एक सवय होती. संध्याकाळी घरातलं माणूस चहाचा कप हातात घेऊन टेकलं की ते विचारायचे, "आज काय झालं तुझ्या हातून?" सुनेलाही विचारायचे. ती सांगायची, चादरी इतक्या, शर्ट तितके, एका साहेबांच्या कोटाला डाग होता तो काढला. अण्णा मान हलवायचे. कारखान्यात असताना हाही सांगायचा. आज नव्या नमुन्याचं कुलूप आलं, आज स्प्रिंगा कच्च्या होत्या, परत पाठवल्या. आता तो म्हणायचा, "काही नाही, नेहमीचंच." कधी म्हणायचा, "पलंगाची दिशा बदलली." आणि चहा निवायच्या आत प्यायचा, म्हणजे पुढचा प्रश्न येण्याच्या आत कप ठेवून उठता येईल.

तो प्रश्न त्याला आत कुठेतरी टोचत राहिला. काचेत पडून दुसरं करायचं काय? डोळे मिटले की विचारच विचार. कुठल्यातरी दारावर त्याने बसवलेली स्प्रिंग अजून चावी फिरली की उडत असेल. घरातलं माणूस बाहेर जाताना कुलूप ओढून बघत असेल आणि निश्चिंत होऊन जात असेल. त्याला याचं नाव माहीत नव्हतं, पण स्प्रिंग होती. इथे काय होतं? संध्याकाळी तो पलंगावरून उठला की गादीवर त्याच्या अंगाचा खळगासुद्धा राहायचा नाही. हळूहळू वर यायची आणि सपाट व्हायची. गादीची तीच तर जाहिरात होती. काचेवर मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं, 'उठलात की गादी जशीच्या तशी!'

दुकान उघडण्याआधी मॅनेजर रोज सगळ्यांना गोल उभं करायचा. मॅनेजर वयाने याच्या भाच्याएवढा, अंगाने काडी, पण आवाज मागच्या गोदामापर्यंत पोचणारा. वरच्या ऑफिसने त्याला कसलंसं प्रशिक्षण देऊन पाठवलं होतं आणि ते अजून अंगात मुरायचं होतं. "आपण गाद्या विकतो का?" तो ओरडायचा. सगळ्यांनी म्हणायचं, "नाही!" "मग काय विकतो?" "शांत झोप!" हे म्हणताना निम्म्या लोकांना जांभई यायची.

एका सकाळी त्याने नवी टूम काढली. प्रत्येकाने आपल्या कामाचा अर्थ शोधायचा आणि सगळ्यांसमोर सांगायचा. "पगारासाठी तर सगळेच काम करतात," तो म्हणाला, "पण अर्थ कुठे आहे?"

"अर्थ होय?" गल्ल्यावरची बाई म्हणाली. "तो माझ्या गल्ल्यात असतो, साहेब. संध्याकाळी मोजून तुमच्याच हातात देते."

सगळे हसले. मॅनेजरही हसला, त्याला कळलं नव्हतं तरी. मग गाद्या पोचवणारा म्हणाला की तिसऱ्या मजल्यावर गादी चढवली की त्याला अर्थ लागतो, कमरेत. पुन्हा हशा. मग याची पाळी आली.

"मी पडून असतो," तो म्हणाला.

या वेळी तर लोक पोट धरून हसले. त्याने विनोद केलाच नव्हता.

"तसं नाही, डुलकीराव," मॅनेजर त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला. "तुमच्याकडे बघून दमलेल्या माणसाला आशा वाटते. केवढं मोठं काम आहे हे!"

त्या दिवशी पडल्या पडल्या त्याने या वाक्याचा खूप विचार केला. काचेपलीकडे माणसं थांबत होती. ती थांबली की पापण्यांवरचा उजेड जरा मंद व्हायचा, त्यावरून त्याला कळायचं. ती दमलेलीच असणार. त्यांना तो आशा दाखवत होता, आणि ती आशा खोटी होती. त्याच्यासारखी झोप त्यांना कधीच लागणार नव्हती, कारण ती त्यालाही लागत नव्हती.

हीच तर खरी गोम होती. त्याची झोप उडाली होती. घरी अंथरुणावर पाठ टेकली, डोळे मिटले की अंगाला वाटायचं ड्यूटी सुरू झाली. आपोआप उजवा हात गालाखाली जायचा, श्वास सावकाश व्हायचा, आणि आत कोणीतरी टक्क जागं होऊन बसायचं. त्याने जमिनीवर झोपून बघितलं, पालथं झोपून बघितलं, पायांना तेल चोळून बघितलं. डोळ्याला डोळा लागायचा नाही. सकाळी उठून पुन्हा झोपायला कामावर जायचं. एकदा तो दाढी करताना रडला, का ते त्याला कळलं नाही. दुकानाने त्याच्याकडून नुसतं झोपेचं नाटक विकत घेतलं होतं, पण जाताना झोपसुद्धा उचलून नेली होती. याची पावती कोणी देत नाही. काचेत कधी खरी झोप लागली तर नोकरी जाणार, घरी लागत नाही म्हणून प्रकृती जाणार. इकडे आड, तिकडे विहीर.

बायकोच्या नजरेतून हे सुटलं नव्हतं, पण तिचा कयास वेगळाच होता. "झोपेत हसता तुम्ही हल्ली," ती एकदा म्हणाली. "एवढं गोड कोणाचं स्वप्न पडतं?" तो ओशाळून काहीतरी बोलला. तिने विषय वाढवला नाही, पण दोन दिवस चहात साखर कमी पडली.

अण्णांचा कयास बरोबर होता. एका सकाळी सून कामावर गेल्यावर त्यांनी त्याला समोर बसवलं.

"तू झोपत नाहीस."

"झोपतो की, अण्णा. पडलो की झोपतो."

"हसत हसत कोण झोपतं रे? तू लहानपणापासून घोरतोस. तुझी आई म्हणायची, पोटात गिरणी घेऊन जन्मलाय. ती गिरणी बंद आहे, मला ऐकू येतं. म्हणजे येत नाही."

"वय झालं आता माझंही."

"वय माझं झालंय, आणि मी घोरतो," अण्णा म्हणाले. "काम फार देतात का रे तुला?"

तो खाली मान घालून म्हणाला, "हो, जरा जास्त असतं सध्या."

"असाच चाललास तर कामातून जाशील," अण्णा म्हणाले आणि काठी शोधायला लागले. तो बस पकडायला निघून गेला. काठी कशाला शोधतायत, हे विचारायचं त्याला सुचलं नाही.

त्या दिवशी दुपारी काचेत पडलेला असताना त्याला पडद्यामागून आवाज ऐकू आला. पलंगाच्या मागे एक जाड पडदा होता, त्याच्या पलीकडे दुकान. पडद्याआडचं सगळं त्याला ऐकू यायचं. गिऱ्हाइकांची घासाघीस, गल्ल्यावरच्या बाईचे सुस्कारे. आज ऐकू आली ती काठी. टक, टक, आणि मध्ये एक घासल्यासारखा आवाज, कारण काठीच्या टोकाचं रबर झिजलं होतं आणि आणतो आणतो म्हणत यानेच ते आणलं नव्हतं.

"साहेब कोण आहेत इथले?" अण्णांचा आवाज.

"बोला ना, काका. सिंगल बघायची की डबल?"

"गादी नको. माझा मुलगा आहे तुमच्याकडे, डिस्प्लेला. त्याच्याबद्दल बोलायचं होतं." अण्णांनी घसा साफ केला. "मी चाळीस वर्षं नोकरी केली, कधी साहेबासमोर रदबदली केली नाही. पण पोराला झोप लागत नाही हो. कामाचा भार जरा कमी करता आला तर बघा."

गल्ल्यावरच्या बाईला खोकला आला, म्हणजे तिने हसू गिळलं.

"डिस्प्लेला?" मॅनेजर म्हणाला. "हां, म्हणजे आपले डुलकीराव! अहो काका, या की, दाखवतो तुम्हाला. असा माणूस सापडायचा नाही."

उठून बसावं, असं मनात आलं. पण काचेपलीकडे माणसं उभी होती, पापण्यांवर सावल्या होत्या. पडद्याच्या कड्या सरकल्या. त्याने डोळे घट्ट मिटून घेतले, मग आठवण होऊन सैल मिटले, आणि हसू होतं तिथेच ठेवलं. आयुष्यात याइतकं जड काही त्याने उचलून धरलं नव्हतं.

अण्णा पलंगापाशी येऊन उभे राहिले. त्यांच्या अंगाला येणारा दुखण्याच्या मलमाचा वास त्याला आला.

"जागा आहे हा?" त्यांनी विचारलं.

"जागाच पाहिजे ना, काका! झोपला तर नोकरी गेली. पण तुम्ही चेहरा बघा. काय शांतता आहे! लोक येऊन विचारतात, बाहुली आहे का म्हणून."

"रोज असाच?"

"रोज. रविवारी तर जास्त वेळ. रविवारी गर्दी असते."

अण्णांनी काठी पलंगाला टेकवली. मग म्हणाले, "मी जरा टेकतो. बसमध्ये उभ्याने आलो, पाय राहिले नाहीत."

"टेका की! हात लावून बघा गादीला."

गादी एका बाजूने खचली. चपला खाली पडल्या, एक आणि मग दुसरी. आणि मग तो महाग पलंग आणखी हलला आणि अण्णा त्याच्या शेजारी आडवे झाले. बाहेर कोणीतरी हसलं. मॅनेजर काही म्हणायला गेला असावा, पण काचेपलीकडच्या सावल्या अचानक दाट झाल्या होत्या, म्हणून तो गप्प राहिला. त्याचं प्रशिक्षण झालं होतं.

"हसू नकोस," अण्णा अगदी हळू म्हणाले.

"अण्णा, लोक बघतायत," तो ओठ न हलवता म्हणाला.

"बघू देत. लोकांना काय, रस्ता खणला तरी बघतात." अण्णांनी त्याच्याकडे कूस वळवली. "मी रोज विचारत होतो, आज काय झालं तुझ्या हातून. असं आहे हे सांगितलं असतंस तर विचारलं नसतं."

त्याच्या मिटलेल्या डोळ्यांतून पाणी आलं आणि नाकावरून वाहत उशीवर गेलं. नियमात हे बसत नव्हतं, पण त्याच्याच्याने थांबवेना. "मला लाज वाटत होती," तो म्हणाला.

"कसली लाज? पोटासाठी माणूस काय काय करतो. तू तर काही केलंच नाहीस." अण्णा स्वतःशीच हसले. मग त्यांचा आवाज बदलला. "आता जबडा सोड. गाल सोड. हे हसण्याचं काम मी घेतो थोडा वेळ. डोळे मिटून पडायचं तर आहे, मला जमेल. तू झोप."

"झोप येत नाही, अण्णा. विसरलोय मी."

अण्णांनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला आणि त्याच हळू आवाजात सुरू केलं, "पितळेचा पत्रा आला. पत्रा कापला. कापला की कडा घासल्या. घासून गुळगुळीत. मग कडी वाकवली..."

तो लहान असताना अण्णा संध्याकाळी कामावरून यायचे तेव्हा इतके दमलेले असायचे की गोष्ट रचायचं त्राण नसायचं. पोरगा हट्ट धरायचा. मग ते कारखान्यात काय झालं तेच सांगायचे, पत्र्यापासून कुलपापर्यंत, एकही पायरी न गाळता. त्या गोष्टीत राजा नव्हता, राक्षस नव्हता. एकदाही त्याने ती शेवटपर्यंत ऐकली नव्हती. आज पन्नाशी उलटल्यावरही नाही. "मग आत स्प्रिंग बसवली," इतपत त्याच्या कानावर आलं, आणि पुढे काही नाही.

जाग आली तेव्हा रस्त्यावरचा उजेड पिवळट झाला होता. त्याचं तोंड उघडं होतं, गाल ओला होता, उशीवर लाळेचं मोठं वर्तुळ होतं. एक पाय पलंगाबाहेर लोंबत होता. काचेपलीकडे ही गर्दी. लोक फोन उंच धरून उभे होते, हसत होते, एकमेकांना दाखवत होते. एका बाईने लहान मुलीला कडेवर घेतलं होतं आणि ती मुलगी तोंड उघडून घोरण्याची नक्कल करत होती.

नोकरी गेली, हा पहिला विचार. दुसरा विचार असा की अंग किती हलकं झालंय.

मग त्याने शेजारी बघितलं. अण्णा उताणे पडले होते, डोळे मिटून, ओठांवर हसू ठेवून. त्यांचा हात याच्या मानेखाली अडकून पडला होता, नक्कीच मुंग्या आल्या असणार, पण हसू तसूभर हललं नव्हतं. आयुष्यभर दुसऱ्याच्या हातचं काम तपासलेला माणूस, मुलाचं काम चोख करत होता.

"झाली का?" अण्णांनी डोळे न उघडता विचारलं.

"झाली."

"मग हात काढतो माझा. मेलाय तो."

मॅनेजर पडदा सारून आत आला तेव्हा तो उठून उभा राहिला होता आणि काय बोलावं ते जुळवत होता. पण मॅनेजरचा चेहरा उजळला होता.

"डुलकीराव! काय केलंत हे! दुकानात पाय ठेवायला जागा नाही. आणि या वेळी उशा नाहीत, गाद्या विचारतायत लोक! म्हणतात, त्या घोरणाऱ्याच्या खालची कुठली?" तो दोघांकडे आळीपाळीने बघत राहिला. "उद्यापासून दोघांनी यायचं. बाप-लेक. काकांनी हसायचं, तुम्ही घोरायचं. बाहेर स्पीकर लावतो, घोरणं रस्त्यावर ऐकू गेलं पाहिजे. आणि ती लाळ! लाळसुद्धा तशीच पाहिजे. खरंखुरं वाटलं पाहिजे सगळं. तुम्हाला अर्थ सापडला, डुलकीराव, तुम्हाला सापडला!"

अण्णा खाली वाकून काठीने चपला पुढे ओढत होते. त्यांनी वर बघितलं नाही. हो म्हण असंही त्यांच्या पाठीवर लिहिलेलं नव्हतं आणि नको म्हण असंही नाही.

बायकोचे सुजलेले पाय त्याच्या डोळ्यांसमोर आले. पुन्हा कुठे दारोदार फिरायचं, कोणाला सांगायचं की मी स्प्रिंग बसवतो, कोणाला सांगायचं की मी पडून असतो. हो म्हणणं किती सोपं होतं. दोघांना काम, बसून नाही, पडून. पण हो म्हटलं की उद्या इथे पडल्यावर आज जे झालं त्याचं नाटक करायचं. परवा अण्णांनी कुलपाची गोष्ट सांगितली तरी आत कोणीतरी टक्क जागं बसणार आणि घोरण्याचा सूर बरोबर लागतोय की नाही ते बघणार. एवढी एकच गोष्ट हाताशी उरली होती, आणि तिला संध्याकाळच्या आत गिऱ्हाईक आलं होतं.

"हसू मिळेल," तो म्हणाला. "आजपर्यंत देत होतो तसं उद्याही देईन. घोरणं मिळणार नाही."

"म्हणजे?"

"ते विकायचं नाही."

मॅनेजरला आधी गंमत वाटली, मग नाही वाटली. "डुलकीराव, हसणारा मला कोणीही मिळेल. घोरणार असाल तरच उद्या या."

"बरं," तो म्हणाला. आवाज चढला नाही, दार आपटलं नाही. चढवायला आवाज कुठे होता? तो मागे गेला, आकाशी कपडे उतरवले, स्वतःचे घातले. तो जाताना गल्ल्यावरच्या बाईने त्याचा हात धरला आणि ती म्हणाली, "भावा, मीसुद्धा आलेच असते रे तुझ्याबरोबर. पण घरी दोघं शिकतायत." तो मान हलवून बाहेर पडला.

स्टॉपवर दोघं उभे राहिले. बराच वेळ बस आली नाही.

"आता काय, अण्णा?" त्याने विचारलं.

"मला काय माहीत?" अण्णा म्हणाले. "मी कुलपं तपासायचो."

"घरी काय सांगू?"

"खरं सांग. ती चिडेल, मग रडेल, मग तुला जेवायला वाढेल. क्रम पुढेमागे होईल, एवढंच."

बस आली ती जवळजवळ रिकामी. अण्णा खिडकीशी बसले, तो त्यांच्या शेजारी. पुढे काय, या विचाराने त्याच्या छातीवर दगड होता आणि तो काही आजच्या झोपेने उतरला नव्हता. उद्या सकाळी उठून कुठे जायचं हे त्याला माहीत नव्हतं. तो हे सगळं नीट, क्रमाने विचार करून ठरवणार होता. पहिल्याच वळणावर त्याची मान अण्णांच्या खांद्यावर पडली.

किती वेळ गेला कोण जाणे. बस थांबली होती, इंजिन बंद होतं. त्यांचा स्टॉप केव्हाच मागे गेला असणार.

"काका, उठवा त्यांना," कंडक्टर म्हणत होता. "गाडी पुढे जात नाही. शेवटचा स्टॉप आहे."

त्या आवाजानेच त्याला जाग आली. डोळे उघडणार, इतक्यात अण्णा बोलले.

"पाच मिनिटं थांबा हो. झोपेचं सोंग घेतलेल्याला उठवता येत नाही. याला काय, एक हाक मारली की उठेल. म्हणूनच मारवत नाही."

कंडक्टर काहीतरी पुटपुटला आणि पुढच्या सीटवर जाऊन बसला. अण्णांनी खांदा जरा खाली घेतला, त्याची मान नीट टेकावी म्हणून. त्यांच्या आवाजात इतकं समाधान होतं, जसं काही त्यांनीच त्याला घडवून, चावी फिरवून, बरोबर डब्यात ठेवलं होतं.

आता डोळे कसे उघडायचे? त्याने जबडा सैल सोडला, तोंड थोडं उघडं टाकलं, आणि अण्णांना ऐकू जाईल इतपत, हळूच घोरायला सुरुवात केली.